वेनी ना उन पोको, म्हणजेच ये ना जरा

मेर्कादो क्वात्रो म्हणजे असुन्सिओनचं चार नंबरचं मार्केट. पराग्वेची राजधानी, सकाळचे साडेसात आणि ऊन मात्र आमच्या सोलापूरच्या मार्चसारखं. कोपऱ्यात एक बाई लाकडी खलात हिरवा पाला कुटत बसली होती, तिने समोरून चाललेल्या पोराला हाक मारली, 'वेनी ना उन पोको!'

मी जागच्या जागी उभी राहिले. वेनी म्हणजे ये. उन पोको म्हणजे थोडं. आणि मधला तो 'ना'! ये ना जरा. शब्दाला शब्द, आणि सूरसुद्धा तोच, लाडीगोडीचा, म्हणजे आई स्वयंपाकघरातून हाक मारते तसा. बारा वर्षं झाली मला स्पॅनिश शिकून, पुण्यात भाषांतराची कामं करते, पण स्पॅनिशमध्ये 'ना' असा शब्दच नाही आणि 'उन पोको' चा असा वापर क्लासमध्ये केला असता तर बाईंनी लाल पेनाने गोल केला असता, कारण ते 'थोडीशी साखर' मधलं थोडं, 'जरा ये' मधलं जरा नव्हे.

ज्यांच्या घरी मी राहत होते त्या मावशींना (तिथे मोठ्या बायकांना नावाआधी 'न्या' लावतात, तोही 'दोन्या' या स्पॅनिश शब्दाचा तुकडा, पण मी मनातल्या मनात मावशीच म्हणायचे) संध्याकाळी विचारलं तर त्या म्हणाल्या, 'ना' हा ग्वारानी आहे, म्हणजे इथल्या मूळ लोकांच्या भाषेतला. एजू ना, म्हणजे ये ना. आणि जराचं असं की ग्वारानीत क्रियापदाला 'मी' अशी शेपटी लावून आर्जव करतात, ती शेपटी स्पॅनिशला लावता येईना म्हणून लोकांनी 'उन पोको' हे स्पॅनिश शब्द घेतले आणि त्यात ग्वारानी अर्थ भरला. बोलणाऱ्याला वाटतं आपण स्पॅनिश बोलतोय, पण मन ग्वारानीत चाललेलं असतं.

थोडं मागे जाऊन सांगते. मी अर्जेंटिनाकडून आले, पोसादासहून पाराना नदीवरचा पूल ओलांडून एन्कार्नासिओनला. तिथून तासाभरावर त्रिनिदाद नावाचं गाव आहे, जेसुइट पाद्र्यांनी 1706 साली वसवलेलं, आता फक्त लाल दगडाचे अवशेष, 1993 पासून युनेस्कोच्या यादीत. दुपारी माझ्याशिवाय तिथे चारच माणसं होती. मोठ्या चर्चचं छप्पर गेलंय पण आत भिंतीच्या वरच्या पट्टीवर वाद्यं वाजवणारे देवदूत कोरलेत ते अजून शाबूत आहेत. या पाद्र्यांनी ग्वारानी लोकांना स्पॅनिश शिकवायच्या ऐवजी स्वतः ग्वारानी शिकून घेतली. आंतोनियो रुइस दे मोन्तोया नावाच्या पाद्र्याने 1639 मध्ये माद्रिदला ग्वारानीचा मोठा शब्दकोशच छापला. (आपल्याकडे गोव्यात फादर स्टीफन्सने मराठीत ख्रिस्तपुराण लिहिलं ते त्याच शतकातलं, 1616 चं.) 1767 मध्ये स्पेनच्या राजाने जेसुइटांना हाकलून दिलं आणि ही गावं हळूहळू ओस पडली.

तिथली गाईड स्वतः ग्वारानी बोलणारी. तिने एक गोष्ट सांगितली ती माझ्या डोक्यातून अजून जात नाही. ग्वारानीत 'आम्ही' आणि 'आपण' वेगळे आहेत. ओरे म्हणजे आम्ही, समोरच्याला सोडून. न्यांदे म्हणजे आपण, समोरच्याला धरून. स्पॅनिशमध्ये दोन्हीला एकच नोसोत्रोस. आता पाद्र्यांना प्रार्थना शिकवायची होती, 'आमच्या पित्या'. न्यांदे म्हटलं तर देव स्वतःच स्वतःचा बाप होतो! म्हणून 'ओरे रू'. मी तिला म्हटलं, आमच्या भाषेतही हेच आहे, मराठी ख्रिश्चन 'हे आमच्या स्वर्गातील पित्या' म्हणतात, आपल्या नाही म्हणत. ती एवढी खूश झाली की तिने मला पुन्हा आत नेऊन ज्या दगडावर सूर्य पडला की देवदूताच्या हातातली हार्प नीट दिसते तो दाखवला.

आणि मराठीत तरी हे आम्ही-आपण कुठून आलं? हिंदीत नाही बघा, तिथे 'हम' वर सगळं भागतं. भाषेचे अभ्यासक म्हणतात की हे आपल्याकडे द्राविडी भाषांच्या शेजारातून आलं. सोलापूरच्या आमच्या बोळात तेलुगू बोलणारी पद्मशाली घरं होती, त्यांच्यात मनमु म्हणजे आपण आणि मेमु म्हणजे आम्ही, लहानपणापासून कानावर. म्हणजे शेजार हा फक्त शब्द देत नाही, कोणाला आपल्यात धरायचं आणि कोणाला नाही ते सांगायची सोयसुद्धा देतो.

एन्कार्नासिओनहून असुन्सिओन सहा-सात तास. बसमध्ये दर थोड्या वेळाने चिपावाल्या बायका टोपली घेऊन चढतात. चिपा म्हणजे मांडिओकाच्या पिठाची, चीज आणि बडीशेपेच्या वासाची गरम कडी, आणि मांडिओका म्हणजे तोच कंद ज्याचा आपला उपासाचा साबुदाणा होतो. मी दोन घेतल्या आणि कान लावून बसले. बाई बोलतेय ग्वारानी, भाव सांगताना स्पॅनिश, सिंको मिल, दिएस मिल, म्हणजे पाच हजार, दहा हजार. ग्वारानीत स्वतःचे आकडे आहेत, पण पैशाचा व्यवहार सगळा स्पॅनिशमध्ये, आणि गंमत म्हणजे ज्या नोटा मोजतात त्या चलनाचं नाव 1943 पासून ग्वारानी!

एक दिशा तर उघडच दिसते. जे स्पॅनिशांनी बोटीतून आणलं त्यांची नावं ग्वारानीत स्पॅनिश, फक्त तिथल्या जिभेला वळवलेली. गाय वाका, मेंढी ओवेचा, चीज केसू, साखर असुका. क्रियापदं तर सरळ उचलतात. आपण इंग्रजी क्रियापद घेतलं की मागे 'करणे' लावतो, अ‍ॅडजस्ट कर, फॉरवर्ड कर. ग्वारानीला त्याची गरजच पडत नाही, स्पॅनिशचं त्राबाहार घ्यायचं, शेवटचा र काढायचा, पुढे 'आ' लावला की 'मी काम करते', आत्राबाहा. नकार हवा तर दोन्ही बाजूंनी कवेत घ्यायचं, न्दात्राबाहाई, मी काम करत नाही. स्पॅनिशचं 'ला' सुद्धा घेतलंय, पण ग्वारानीत लिंगभेदच नाही म्हणून ते स्त्रीलिंगी 'ला' पुरुषालाही लागतं, ला कराई म्हणजे तो गृहस्थ.

पण उलट दिशेने, ग्वारानीतून स्पॅनिशमध्ये काय जातं? झाडं, पक्षी, औषधी पाला वगैरे तर जातातच (आपला अननस आणि काजू हे शब्दसुद्धा ग्वारानीची बहीण तुपी भाषेतले, पोर्तुगीजांबरोबर आलेले). मला जास्त महत्त्वाचे वाटले ते बारके शब्द. ना. प्रश्नाच्या मधे येणारा पिओ. आणि माझा सगळ्यात लाडका, न्दाजे. मावशींची पुतणी फोनवर शुद्ध स्पॅनिशमध्ये सांगत होती की कोणीतरी लग्न केलं आणि वाक्याच्या शेवटी म्हणाली 'न्दाजे'. म्हणजे लग्न केलं म्हणे! मी पाहिलं नाही, ऐकलंय, माझ्यावर येऊ नका. हे 'म्हणे' स्पॅनिशमध्ये एका शब्दात नाहीच. ज्याच्या हातात राज्य, शाळा आणि पैसा त्या भाषेने वस्तूंची नावं आणि आकडे दिले, आणि ज्या भाषेला चार शतकं घरात आणि शेतात ठेवलं तिने बोलण्याचा जीव दिला. माझ्यासाठी सगळ्या प्रवासाचं सार हेच.

चार शतकं घरात का, तर असुन्सिओन 1537 मध्ये वसलं तेव्हा आलेले स्पॅनिश पुरुष मूठभर, त्यांनी ग्वारानी बायकांशी संसार केले, पोरं आईची भाषा बोलली. आज स्वतःला मूळनिवासी म्हणवणारे लोकसंख्येच्या दोन टक्क्यांच्या आसपास, पण ग्वारानी बोलतो बहुतेक सगळा देश. 1992 च्या घटनेत तिला स्पॅनिशच्या बरोबरीने राजभाषा केलं. त्याआधी? मावशी सांगत होत्या, शाळेत ग्वारानी शब्द तोंडातून गेला की तोंडावरच फटका. ग्वारांगो म्हणायचे, म्हणजे गावंढळ. म्हणून त्यांच्या आईने मुलांशी फक्त स्पॅनिश बोलायचं ठरवलं, आणि रागावली की ग्वारानीतच रागवायची. हे सांगताना मावशी हसल्या नाहीत, मीही नाही.

या सरमिसळीला तिथे जोपारा म्हणतात, म्हणजे मिश्र. काही लोक नाक मुरडतात, ना धड हे ना धड ते. मला हे बोलणं अजिबात पटत नाही. ज्या भाषेत माणूस भाव करतो, रागावतो, लग्नाची बातमी देतो ती धडच असते.

जोपारा हे एका पदार्थाचंही नाव आहे. 1 ऑक्टोबरला घरोघरी करतात, मका, घेवड्याचे दाणे, मांस आणि घरात असेल ते, एका भांड्यात. त्या दिवशी कराई ऑक्टुब्रे नावाचा म्हातारा येतो न्दाजे, गवताची टोपी, हातात चाबूक, घरोघरची भांडी उघडून बघतो, रिकामं दिसलं तर वर्षभर उपासमार. ऑक्टोबर हा तिथे जुनं धान्य संपलेलं आणि नवीन न आलेलं असा महिना, म्हणून. नाव बघा त्याचं, अर्धं ग्वारानी, अर्धं स्पॅनिश.

मी त्या दिवशी मुद्दाम थांबले. पहिल्या दिवशी मी घरात पाय ठेवला तेव्हा मावशी मला 'ओरे' लावून म्हणाल्या होत्या, आम्ही जेवलोय, तुझं काय? आता दुपारी त्यांनी भांड्याचं झाकण काढलं, वाफेत चष्मा धुरकटला, तो पदराला पुसावा तसा एप्रनला पुसला आणि दाराकडे तोंड करून सगळ्यांना हाक मारली, 'जाहा जाकारू!' चला, जेवूया. त्यातला 'जा' हा न्यांदेचा, आपणवाला. मी ताट घेऊन पुतणीच्या शेजारी बसले.