देव कॅमेऱ्यात दिसतो का?

‘श्रद्धेवर एवढं लिहिता, मग माहितीपटाच्या वाटेला का गेलात?’ हा प्रश्न मला नेहमी विचारतात. परवा पणजीत एका काकूंनी पुढे विचारलं, ‘आणि देव दिसतो का हो कॅमेऱ्यात?’ तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो.

मी मूळचा वसईचा. गोव्यात आल्यावर म्हापशाच्या मिलाग्रीस सायबिणीच्या फेस्तावर, म्हणजे सणावर, लेख लिहिला. ईस्टरनंतर हे फेस्त येतं. सायबीण म्हणजे मारियामाता, पण लोक तिला शिरगावच्या लईराई देवीची बहीण मानतात, आणि ख्रिस्ती येतात तसे हिंदूही दर्शनाला येतात. लेखात मी ओळीओळीला ‘हिंदू भाविक’, ‘ख्रिस्ती भाविक’ लिहीत गेलो. पुढच्या वर्षी त्याच रांगेत कॅमेरा घेऊन उभा राहिलो. चौकटीत नुसते हात येत होते. कुणी तेलाची बाटली छातीशी धरलेली, कुणी मेणबत्तीला तळव्याचा आडोसा केलेला, एक भेगाळलेला अंगठा. कोणता हात कुणाचा, ते कळेना. लेखात मी माणसांच्या मधे रेघ मारत होतो, हे त्या दिवशी उमगलं. मी लिहून ठेवलेलं निवेदन त्या दृश्यावरून काढून टाकलं.

दुसरं कारण आवाजाचं. मे महिन्यात वाड्यावाड्यांतल्या खुरसापुढे, म्हणजे क्रुसापुढे, लादाईन ही गायलेली सामूहिक प्रार्थना होते. व्हायोलिनवाले आजोबा तारा जुळवतात, दोन आवाजांत लॅटिन सूर उठतात आणि सगळे म्हणतात, ‘ओरा प्रो नोबिस’. आम्ही वसईत म्हणतो, ‘आम्हांसाठी विनंती कर’. अर्थ तोच, तो मी कागदावर लिहू शकतो. पण लॅटिन न शिकलेल्या आजीच्या तोंडी ते शब्द इतके मऊ झालेले असतात, ते कसं लिहू?

इंग्रज धर्मगुरू फादर थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आले. १६१६ मध्ये गोव्यातल्याच रायतूरला त्यांचं ख्रिस्तपुराण छापलं गेलं, मराठीत आणि तेही ओवीबद्ध. इथल्या माणसांना पुराण ऐकायची सवय होती, म्हणून येशूची कथा त्यांनी कानाला ओळखीच्या घाटात सांगितली. आज लोक पडद्याकडे बघत बसतात. मी तिथे जातो, इतकंच.

आता काकूंचा प्रश्न. एका लादाईनीनंतर सगळे उकडलेल्या चण्यांकडे वळले आणि कॅमेरा चालूच राहिला. खुरसापाशी एक बाई एकटीच उरली होती. तिने विझलेली मेणबत्ती परत लावली, कलंडलेला हार सरळ केला, मग खाली बसून चौथऱ्यावर सांडलेलं मेण नखाने खरवडू लागली. घाई नाही, कुणाकडे बघणं नाही. मेण निघालं तशी तिने पदराने ती जागा पुसली आणि हात तिथेच थोडा वेळ ठेवला.

तो चार मिनिटांचा तुकडा मी न कापता ठेवला आहे. काकू, तुम्ही येऊन बघा.