हवाच नाही तर रॉकेट ढकलतं कशाला? तुम्ही विचारलंत म्हणून

मी छोट्या थ्रस्टरच्या, म्हणजे यानाला वळवणाऱ्या छोट्या रॉकेट इंजिनांच्या, टेस्टिंगमध्ये काम करते हे कळलं की पाच मिनिटांत प्रश्न येतोच, अवकाशात हवाच नाही मग रॉकेट नेमकं ढकलतं कशाला? शाळकरी मुलं विचारतात, आजोबा मंडळी विचारतात, आणि स्वतः इंजिनिअर असलेले लोक आवाज जरा खाली आणून विचारतात. मी न्यूटनचा तिसरा नियम म्हटलं की सगळे मान हलवतात. ती मान मला आता ओळखू येते, पटलेलं काही नसतं, फक्त विषय संपवायचा असतो. म्हणून एकदाच काय ते नीट लिहून टाकते.

प्रश्न खुळा नाही हे आधी सांगते. १९२० मध्ये न्यूयॉर्क टाइम्सने अग्रलेखात अमेरिकन रॉकेट-संशोधक रॉबर्ट गॉडर्डला हेच सुनावलं होतं, आणि दुरुस्ती छापली १७ जुलै १९६९ ला, अपोलो ११ चंद्राच्या वाटेवर असताना. त्यामुळे विचारणाऱ्यावर माझा राग नाहीच. राग आहे तो फुग्यावर. फुगा सोडला की पळतो, तसंच रॉकेट, असं सांगून लोक मोकळे होतात. पण फुगा पळतो हवेत, मग ऐकणाऱ्याला वाटणारच ना की आतली हवा बाहेरच्या हवेला रेटते म्हणून तो पळतो? जो गैरसमज काढायचा तोच अजून पक्का होतो.

धक्का बाहेर लागतच नाही, तो आत लागतो. रॉकेटचा चेंबर, म्हणजे जिथे गॅस तयार होतो ती आतली पोकळी, सगळीकडून बंद आहे आणि आत प्रचंड दाबाचा गॅस आहे असं समजा. गॅस पुढच्या भिंतीला पुढे रेटतो, मागच्या भिंतीला मागे, दोन्ही सारखे, म्हणून चेंबर जागचा हलत नाही. आता मागच्या भिंतीला भोक पाडा. भोकाच्या जागी रेटायला भिंतच उरली नाही, पण समोरच्या भिंतीवर तेवढ्याच जागेवर गॅस रेटतोच आहे आणि त्याला उत्तर द्यायला मागे कोणी नाही. हा न फिटलेला रेटा म्हणजे थ्रस्ट. भोकाला जोडलेलं नॉझल, म्हणजे गॅस बाहेर पडायचं तोंड, बाहेरच्या बाजूला फाकत जातं ते यासाठीच, पसरणारा गॅस त्या तिरक्या भिंतींनाही रेटतो आणि त्या रेट्यातला काही भाग पुढच्या दिशेचा असतो, तोही पदरात पडतो.

आणि नॉझलच्या सगळ्यात अरुंद जागी, घशाशी, गॅस ध्वनीचा वेग गाठतो, त्यापुढे ध्वनीपेक्षा जोरात पळतो. दाबातला बदल ध्वनीच्याच वेगाने सरकतो, म्हणजे घशापलीकडे काय चाललंय याची खबर उलट चेंबरपर्यंत पोचूच शकत नाही. बाहेर हवा आहे की नाही हे चेंबरला माहीतच नसतं! उलट हवा असली तर नुकसान. स्पेस शटलचं मुख्य इंजिन घ्या, आरएस-२५. समुद्रसपाटीला त्याचा थ्रस्ट साधारण १८.६ लाख न्यूटन (न्यूटन हे बल मोजायचं एकक), आणि तेच इंजिन त्याच पॉवरला निर्वातात साधारण २२.८ लाख न्यूटन देतं. हे मधले ४.२ लाख कुठे गेले? नॉझलच्या तोंडाचा व्यास सुमारे २.३ मीटर आहे, त्याचं क्षेत्रफळ काढा आणि हवेच्या दाबाने गुणा, तेवढेच येतात. हवा रॉकेटला आधार देत नाही, त्याच्या थ्रस्टमधून वाटा कापून घेते.

कागदावर हे मला कळत होतंच, पण अंगात भिनलं ते एका टेस्टमध्ये, आणि ती आठवण चांगली नाही.

थ्रस्टर होता एक न्यूटनच्या आसपासचा, तळहातावर मावेल एवढा, आणि टेस्ट चालली होती हवा काढून घेतलेल्या टाकीत. इंधन हायड्राझिन. यात जाळ नसतो, ऑक्सिजन लागत नाही. व्हॉल्व्ह उघडला की हायड्राझिन इरिडियम हा धातू चढवलेल्या अ‍ॅल्युमिनाच्या (अ‍ॅल्युमिनियम ऑक्साइडच्या) दाण्यांवर पडतं आणि त्याचं विघटन होऊन अमोनिया, नायट्रोजन, हायड्रोजन असे तापलेले वायू तयार होतात. पण दाणे आधी हीटरने तापवून घ्यावे लागतात. गार दाण्यांवर हायड्राझिन पडलं तर ते आधी छिद्रांत मुरतं आणि मग एकदम विघटन होतं, दाब उसळतो, दाणे तडकतात. आमच्या टेस्टमध्ये मधेच हा हीटर गेला. मी म्हटलं थांबू, व्हॅक्यूमची टाकी उघडू, हीटर बदलू. टाकी उघडायची म्हणजे परत सगळी हवा काढत बसा, त्यात वेळ जाणार, आणि वरून निरोप आला की तारीख हलणार नाही, गारच स्टार्ट करा. मी विरोध लेखी नोंदवला. तरी स्टार्ट झालेच.

स्क्रीनवर दोन रेषा होत्या, एक चेंबरमधल्या दाबाची, एक थ्रस्टची. आधी दाबाची रेषा चढून सपाट व्हायची आणि थ्रस्टची तिच्या पाठोपाठ. मग दाबाची रेषा दातेरी व्हायला लागली. जिथे दाब पडला तिथे थ्रस्ट पडला, जिथे उसळला तिथे उसळला. टाकीतला व्हॅक्यूम तेवढाच, इंधन तेच, त्याच्या मागचा दाब तोच. खिडकीतून थ्रस्टर दिसत होता, लालबुंद तापलेला, ज्वाळा नाही की आवाज नाही, आणि आत त्याचे दाणे मोडत होते हे आम्हाला त्या रेषांवरून कळत होतं आणि करता काही येत नव्हतं. उघडला तेव्हा दाण्यांचा चुरा निघाला, मधे पोकळी. रिपोर्टात कारण लिहिलं गेलं दाण्यांचा दर्जा. हे मला आजही लागतं. दाणे चांगले होते.

पण त्यानंतर मला थ्रस्ट कुठे असतो हे कोणी वेगळं समजावायची गरज उरली नाही. बाहेर काहीच बदललं नव्हतं, जे बदललं ते आत.

हे सांगितलं की कोणीतरी हमखास म्हणतं, बाहेर पडलेला गॅस टेस्टच्या टाकीच्या भिंतीवर आपटून परत येत असेल आणि तोच ढकलत असेल. ठीक आहे, मग दूर अवकाशात गेलेलं नासाचं यान व्हॉयेजर १ बघा. २८ नोव्हेंबर २०१७ ला त्याचे ३७ वर्षं न वापरलेले हायड्राझिन थ्रस्टर १० मिलिसेकंदांच्या झटक्यांनी चालवले, उत्तर पृथ्वीवर पोचायला १९ तास ३५ मिनिटं लागली, आणि यान सांगितलं तसं वळलं होतं. तिथे मागे कुठली भिंत होती?

आता पूर्वीची मी यावर म्हणाली असती, एवढं दाब-भिंती कशाला, संवेगाचा हिशोब पुरे आहे. वस्तुमान मागे जोरात फेकलं की उरलेलं पुढे जाणारच, रशियन शास्त्रज्ञ त्सिओल्कोव्स्कीने १९०३ मध्ये मांडलेल्या रॉकेटच्या समीकरणात चेंबरचा दाब येतच नाही, फेकायचा वेग आणि भरलेल्या-रिकाम्या यानाच्या वस्तुमानांचं गुणोत्तर एवढंच येतं. आणि तिच्याकडे हुकमी पत्ता आहे, आयन इंजिन. नासाचं डॉन यान २००७ मध्ये निघालं आणि आधी व्हेस्टा या लघुग्रहाभोवती, मग सेरेस या बटुग्रहाभोवती फिरलं, ते झेनॉन वायूचे आयन, म्हणजे विद्युतभारित अणू, सेकंदाला ३० किलोमीटरहून जास्त वेगाने फेकून. थ्रस्ट जास्तीत जास्त ०.०९ न्यूटनच्या आसपास, पण एका वेळी कित्येक दिवस न थांबता. तिथे गॅसचा दाब नगण्य, म्हणजे माझी भिंतीची आकृती तिथे कामाची नाही, आणि संवेगाचा हिशोब मात्र तिथेही बिनचूक. हे मला मान्य करावंच लागतं.

तरी माझं म्हणणं मी सोडत नाही. विचारणाऱ्याने हिशोब विचारलेलाच नसतो, तो विचारतो की रॉकेटच्या अंगाला धक्का लागतो कुठे. आयन इंजिनात तो विद्युतभारित जाळ्यांना लागतो, आयनांना मागे ओढताना त्या स्वतः पुढे ओढल्या जातात. भिंत नाही, पण जागा आहे, आणि ती बोट ठेवून दाखवता येते.