धसकटं कुणाची, चुलीची की रानाची?

मार्च लागला की आमच्याकडं धसकटं, म्हणजे पीक कापल्यावर रानात राहिलेली बुडखं, वेचायची घाई असते. तूर कापून झालेली असते, ज्वारीच्या पेंढ्या बांधावर उभ्या असतात, आणि बायका टोपली घेऊन रानात उतरतात. अंघोळीच्या पाण्याच्या चुलीला वर्षभराचं जळण त्यातूनच होतं. लग्न होऊन मोहोळ तालुक्यातल्या या घरात आले तेव्हा पहिल्याच उन्हाळ्यात आत्यांच्या, म्हणजे सासूबाईंच्या, मागं मीही धसकटं उपटली, तळहाताला फोड येईस्तोवर. मामा, म्हणजे सासरे, बांधावर उभे राहून बघायचे. त्यांच्या लेखी चांगल्या शेतकऱ्याचं रान म्हणजे चकोट रान, काडीसुद्धा दिसता कामा नये.

सात वर्षांपूर्वी माती तपासून घेतली. सेंद्रिय कर्ब, म्हणजे कुजलेल्या पाल्यापाचोळ्यातून मातीत राहणारा कर्ब, निघाला ०.३१ टक्के. ०.४० च्या आत म्हणजे कमी, एवढं त्या कागदावरच लिहिलेलं होतं. त्या रात्री मी वहीत रानातून काय काय जातं ते लिहून काढलं. दाणे घरात आणि बाजारात जातात. कडबा जनावरांपुढं जातो, पण त्यांच्या शेणातल्या निम्म्याच्या गोवऱ्या होतात. तुराट्या कुडाला आणि चुलीला. ज्वारी तर आमच्याकडं कापत नाहीत, उपटतात. कडबा वीतभर लांब मिळतो म्हणून मूळसुद्धा जमिनीत ठेवत नाहीत. आणि परत काय जातं? तीन वर्षांतून एकदा दोन ट्रॉल्या शेणखत, आणि डीएपी खताची पोती. वही मिटली, पण झोप लागली नाही.

दुसऱ्या दिवशी दोन काचेचे ग्लास पाण्यानं भरून ओट्यावर ठेवले. एकात बांधावरच्या कडुलिंबाखालचं वाळलेलं ढेकूळ अलगद सोडलं, दुसऱ्यात रानाच्या मधलं. मधलं ढेकूळ सोडल्या सोडल्या कडेनं सुटायला लागलं. पोहे भिजावेत तसं फुगलं, बुडबुडे आले, आणि चहा उकळायच्या आत ग्लासच्या तळाला नुसता राड. लिंबाखालचं संध्याकाळपर्यंत तसंच होतं, पाणीही नितळ. रान तेच, काळी मातीही तीच. फरक एवढाच, की लिंबाखाली पाला पडतो, कुजतो, आणि तिथं नांगर जात नाही. मातीचे कण धरून ठेवतो तो मुळांतून पाझरणारा चिकट द्रव आणि बुरशीचे बारीक धागे. ती बुरशी जगायला तिला खायला लागतं, आणि ते खाणं आम्ही चुलीत घालत होतो.

इथं हे जास्त लागतं, कारण आमचा भरवशाचा पाऊस म्हणजे उत्तरा-हस्ताचा. सप्टेंबरात एखाद्या दुपारी येतो तो तासाभरात सगळं ओतून जातो. उघड्या जमिनीवर त्या थेंबांनी माती फुटते, वरची छिद्रं बुजतात, आणि पाणी आत मुरण्याऐवजी ओढ्याला लागतं. रब्बीची ज्वारी पुढं चार महिने त्या मुरलेल्या ओलीवरच जगायची असते.

मग मी उत्साहानं चूक केली. तुराट्या बारीक करून घेतल्या आणि मे महिन्यात रोटाव्हेटरनं अर्ध्या एकरात गाडल्या. ऑक्टोबरात ज्वारी उगवली, आणि गुडघ्याला लागायच्या आत पिवळी पडली. शेजारच्या रानातली काळीशार, आमची फिकट. मामा काही बोलले नाहीत, तेच जास्त लागलं. सोलापूरला कोरडवाहू शेती संशोधन केंद्र आहे, १९३३ पासूनचं. तिथं जाऊन विचारलं तेव्हा उलगडा झाला. काटकीत कर्ब भरपूर आणि नत्र थोडं. ती मातीत मिसळली की कुजवणारे जिवाणू लागेल ते नत्र मातीतूनच उचलतात, पिकाच्या तोंडचं. काटकी वरच पसरायची, आणि गाडायचाच असेल तर हिरवा पाला गाडायचा. तिथंच बांधावरच्या गिरीपुष्पाबद्दल कळलं. याला उंदीरमारी पण म्हणतात. शेंगवर्गीय झाड, पाल्यात नत्र भरपूर, आणि पाला लवकर कुजतो.

जूनच्या पहिल्या पावसावर दोनशे फांद्या लावल्या, एकशेवीसच्या आसपास जगल्या. पण आत्यांचा प्रश्न तसाच होता. "जळण कुठनं आणायचं मग? पाणी काय उन्हात ठिवू का?" प्रश्न रास्त होता. घरात सात माणसं, गॅसवर एवढं पाणी तापवणं परवडत नाही. जमिनीचं भलं बोलताना हा हिशेब कुणी मांडत नाही, आणि धसकटं वेचणारे हात बायकांचेच असतात.

उत्तर त्याच झाडानं दिलं. तिसऱ्या वर्षापासून जून आणि सप्टेंबरात छाटणी केली, की पाला ओरबाडून रानात टाकायचा आणि उघड्या फांद्या वाळवून चुलीला. ऑस्ट्रेलियात बिल मोलिसन आणि डेव्हिड होमग्रेन यांनी सत्तरच्या दशकात मांडलेल्या पर्माकल्चरमध्ये, म्हणजे निसर्गाच्या रीतीनं शेती आखायच्या पद्धतीत, एका गोष्टीनं दोन-तीन कामं करावीत असं सांगतात. मला ते आत्यांच्या चुलीपुढं पटलं. आता ज्वारीही तीन एकरांत विळ्यानं कापतो. वीतभर कडबा कमी मिळतो खरा, पण मुळं जागेवर कुजतात. पेरणीआधी सारायंत्रानं, म्हणजे मातीचे वरंबे ओढणाऱ्या अवजारानं, कप्पे पाडतो, पाणी जिथं पडेल तिथंच थांबावं म्हणून.

मागच्या वर्षी कर्ब ०.४६ आला. एवढ्यावर मी नाचणार नाही, सहा वर्षांत एवढंच. पण येळवशीला, म्हणजे वेळा अमावस्येला, सगळं घर रानात होतं, आंबील पिऊन झाली, आणि मामा काठी घेऊन फिरायला गेले. थंडीत काळ्या रानाला भेगा पडतात, त्यात मुळं तुटतात आणि ओल उडून जाते. ते दरवर्षी भेगेत काठी घालून खोली बघतात. जुन्या पद्धतीच्या पट्ट्यात काठी कोपरभर आत गेली. पाचोळ्यानं झाकलेल्या पट्ट्यात त्यांनी चार ठिकाणी घालून बघितली, बोटभर जायची आणि अडायची. खाली वाकून पाचोळा बाजूला केला, मूठभर माती उचलली, दाबली, आणि परत तिथंच ठेवून वरनं पाचोळा ओढला.

या मार्चला धसकटांना बायका निघाल्या तेव्हा आत्या दारातूनच ओरडल्या, "लिंबाकडच्या पट्ट्यात जाऊ नका गं, ती रानाच्या वाटणीची हायती!"