थांबता येणारा खेळाडू

सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी लिहिताना डोळ्यांपुढे आहेत ती आपल्या क्रीडांगणावरची, सिनेमाची ओढ असलेली मुलं. त्यांनी वुडी स्ट्रोड या अमेरिकन नटाचं काम जरूर पाहावं.

स्ट्रोड लॉस एंजेलिसचा, जन्म १९१४ चा. यूसीएलए विद्यापीठात तो डेकॅथलॉन (दहा मैदानी प्रकारांची स्पर्धा) आणि अमेरिकन फुटबॉल खेळला. १९३९ च्या संघात केनी वॉशिंग्टन आणि जॅकी रॉबिन्सन त्याच्या जोडीला होते. तेव्हा व्यावसायिक फुटबॉलची दारं कृष्णवर्णीयांना बंद होती. १९४६ मध्ये लॉस एंजेलिस रॅम्स संघाने वॉशिंग्टन आणि स्ट्रोडला घेतलं तेव्हा ती उघडली. पुढे कॅनडात ग्रे कप हे तिथल्या फुटबॉलचं अजिंक्यपद, मग व्यावसायिक कुस्ती आणि सिनेमा.

'स्पार्टाकस'मध्ये (१९६०) तो द्राबा हा ग्लॅडिएटर झाला. हातात त्रिशूळ आणि जाळं, समोर आखूड तलवारीचा कर्क डग्लस. पण झुंजीइतकाच तिच्या आधीचा प्रसंग पाहा. लाकडी खुराड्यात दोघं समोरासमोर बसलेत, बाहेर दुसरी जोडी लढतेय, संवाद नाही. स्ट्रोड नुसता बसून राहतो आणि दडपण वाढत जातं. या छोट्या भूमिकेला सहायक अभिनेत्याचं गोल्डन ग्लोब नामांकन मिळालं. त्याच वर्षी 'सार्जंट रटलेज' या चित्रपटाची सगळी कथा त्याच्याभोवती फिरत होती, तरी श्रेयनामावलीत जेफ्री हंटर पहिला. हा अन्यायच होता.

खेळाडू कॅमेऱ्यापुढे चुकतो तो जोर लावून. पूर्ण वेगाने धावत आला की नटाने थांबायच्या जमिनीवरच्या खुणेपुढे जातो, फोकस सुटतो, रिटेक होतो. म्हणून आधी खुणेपासून उलट पावलं मोजत मागे जावं, निघण्याची जागा पक्की करावी आणि प्रत्येक टेकला त्याच पायाने सुरुवात करावी. ठोसा तोंडापासून हातभर लांबूनच जातो. कॅमेरा एकाच्या खांद्यामागे असल्याने मधलं अंतर दिसत नाही. मार खाणाऱ्याने मान उशिरा वळवली तर सगळं खोटं पडतं. लांब शॉटमध्ये डावा हात वर असेल तर क्लोजअपमध्येही डावाच हवा, नाहीतर संकलनात जोडकाम बसत नाही.

सेटवर तासभर बसून एकदम धावलं की मांडीचा मागचा स्नायू धरतो. डेकॅथलॉनवाल्याला हे नवं नाही: दोन दिवसांत दहा प्रकार, मधे लांब प्रतीक्षा, दर वेळी अंग पुन्हा गरम करायचं. टेकची हाक यायच्या दहा मिनिटं आधी उठून हलकं धावून घ्यावं.

'वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट' (१९६८) पाहिलात तर सुरुवात चुकवू नका. स्टेशनवर टाकीचं पाणी स्ट्रोडच्या टकलावर ठिबकतं. तो जागचा हलत नाही, फक्त हॅट डोक्यावर चढवतो. थेंब हॅटवर वाजत राहतात आणि गाडी आल्यावर तो काठात साचलेलं पाणी पिऊन टाकतो.