क्रेसी १३४६, तिसरा टप्पा : ढालींवाचून उभे राहिलेले जिनोआचे क्रॉसबोधारी

क्रेसीच्या लढाईची लहान आकृत्यांची मांडणी मी टप्प्याटप्प्याने करतो आहे. मागच्या टप्प्यात इंग्रज बाजूची, वेल्सच्या युवराजाची आघाडीची तुकडी रंगवून झाली होती. या टप्प्यात दरीपलीकडची फ्रेंच बाजू हाती घेतली आणि प्रकल्पाचा खरा कस आता लागतो आहे. इंग्लंड आणि फ्रान्स यांच्यातील शतवर्षीय युद्धाचा (१३३७ ते १४५३) विषय निघाला की आपल्या छंदातील बहुतेक मंडळी अजिनकूरच्या, म्हणजे १४१५ च्या लढाईकडे वळतात. त्या लढाईचे तयार संच सहज मिळतात आणि अखंड पोलादी चिलखते रंगवायलाही सोपी जातात. मी क्रेसी निवडली, कारण २६ ऑगस्ट १३४६ च्या त्या संध्याकाळी फ्रान्सचा पराभव नेमका कशामुळे झाला, हे एकाच मांडणीत दाखवता येईल असे मला वाटते. इंग्रजी लाँगबोने (माणसाच्या उंचीच्या लांब धनुष्याने) लढाई जिंकली, हे सर्वांना पाठ झालेले उत्तर निम्मेच खरे आहे. उरलेले निम्मे उत्तर फ्रेंचांच्या घाईगर्दीत दडलेले आहे, आणि ही मांडणी मुख्यतः त्या गर्दीची असावी असा माझा आग्रह आहे.

प्रथम जमिनीविषयी. इंग्लंडचा राजा तिसरा एडवर्ड जुलैमध्ये नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर उतरला, त्याने काँ शहर लुटले, पॉसी येथे सेन नदी ओलांडली आणि २४ ऑगस्टला ब्लाँशताकच्या उतारावरून सोम नदी पार करून तो उत्तर फ्रान्समधील पाँत्यूमध्ये आला. हा प्रदेश त्याच्या आजीकडून, कॅस्टिलच्या एलेनॉरकडून, इंग्रज राजघराण्याकडे आलेला होता. क्रेसी आणि वादीकूर या दोन गावांच्या मधल्या उंचवट्यावर त्याने सैन्य उभे केले आणि स्वतः पवनचक्कीपाशी राहिला, असे परंपरेने सांगितले जाते. समोर उथळ दरी होती, आणि तिच्या फ्रेंच बाजूला काही ठिकाणी उभी दरड होती. ही दरड पुष्कळ मांडण्यांतून गळून गेलेली दिसते आणि मैदान एकसारखा उतार म्हणून दाखवले जाते. मी मात्र ती एक्सपीएस फोमच्या (कोरता येणाऱ्या हलक्या, घट्ट फोमच्या) थरांतून मुद्दाम कोरून काढली आहे, कारण घोडेस्वारांची दाटी का झाली आणि त्यांना पसरून चाल का करता आली नाही, हे त्या दरडीवाचून कळत नाही.

मातीच्या रंगाकडे थोडे जास्त लक्ष द्यावे लागले. दख्खनची काळी माती पाहत वाढलेल्या आपल्या लोकांचा हात आपसूक गडद तपकिरी रंगाकडे जातो; क्रेसीच्या परिसराची, म्हणजे पिकार्डीची जमीन मात्र खडूच्या खडकावरची आहे आणि तिचा रंग फिकट, किंचित करडा असतो. म्हणून फेविकॉलमध्ये बारीक चाळलेली वाळू मिसळून थर दिल्यावर त्यावर फिकट मातकट रंग चढवला, आणि शेवटी दरडीच्या कडांवर जवळजवळ पांढऱ्या रंगाचा ड्राय ब्रश (रंग पुसून जवळजवळ कोरडा केलेला ब्रश) फिरवला. लढाईपूर्वी पावसाची जोरदार सर येऊन गेली होती. त्यामुळे पायवाटेच्या चाकोऱ्यांत आणि टापांच्या ठशांत तेवढे चकचकीत वॉर्निश सोडले आहे, बाकी सगळा पृष्ठभाग मॅट ठेवला आहे. पावसाळी हवेत स्प्रेचे मॅट वॉर्निश पांढुरके पडते, म्हणून मॅटचे काम ब्रशनेच केले.

इंग्रजांनी आपल्या फळीपुढे फूटभर खोल आणि फूटभर रुंद असे खड्डे खणले होते, असे एका इंग्रज इतिवृत्तकाराने नोंदवले आहे. अठ्ठावीस मिलिमीटरच्या मापात (माणसाची आकृती सुमारे तेवढ्या उंचीची) हा खड्डा जेमतेम पाच मिलिमीटरचा होतो. पेन्सिलीच्या मागच्या टोकाने फोम दाबून ते केले आहेत आणि कडेला उपसलेल्या मातीचा लहानसा ढीगही दाखवला आहे. अंतराच्या बाबतीत मात्र तडजोड अटळ आहे. दोनशे मीटरची बाणफेक याच मापात दाखवायची तर साडेतीन मीटर लांबीचे टेबल लागेल. म्हणून दरीची रुंदी आखडून घेतली आहे, उंचीची प्रमाणे मात्र शक्य तितकी सांभाळली आहेत.

आता या टप्प्याच्या मुख्य विषयाकडे येतो. फ्रान्सचा राजा सहावा फिलिप याच्या सैन्यात इटलीतील जिनोआहून आणलेले भाडोत्री क्रॉसबोधारी (दांड्यावर आडवे बसवलेले धनुष्य चालवणारे शिपाई) होते आणि ओत्तोने दोरिया हा त्यांच्या नायकांपैकी एक होता. त्यांचे तंत्र जवळून पाहिले की त्या दिवशी त्यांच्या वाट्याला काय आले ते स्पष्ट होते. क्रॉसबोच्या टोकाला लोखंडी रिकीब असते. तिच्यात पाय रोवून शिपाई खाली वाकतो, कमरेच्या पट्ट्याला लावलेला आकडा दोरीत अडकवतो आणि पाठ सरळ करत संपूर्ण शरीराच्या जोराने दोरी वर ओढतो. या अवधीत त्याला स्वतःचे रक्षण करता येत नाही. म्हणून प्रत्येकापुढे एक मोठी उभी ढाल असते आणि तिच्याआड ही सगळी खटपट चालते. क्रेसीला या ढाली मागे सामानाच्या गाड्यांवर राहिल्या होत्या. शिपाई आबव्हिलपासून दिवसभर चालून दमलेले होते, आणि ढाली येईपर्यंत थांबायला कोणी तयार नव्हते. पावसाने क्रॉसबोच्या दोऱ्या भिजून सैल पडल्याचे काही इतिवृत्तांत म्हटले आहे. ते कारणही खरे असू शकेल, पण माझ्या मते ढालींचा अभाव त्याहून कितीतरी निर्णायक होता, कारण कोरडी दोरी असलेल्या माणसालाही ती ओढण्यासाठी खाली वाकावे लागतेच.

म्हणून या तुकडीतील निम्म्या आकृत्या मी दोरी ओढण्याच्या अवस्थेत बसवल्या आहेत. संचात अशी मुद्रा असलेली एकच आकृती मिळते. बाकीच्यांचे कंबरेपासून दोन भाग करून, मध्ये तांब्याची तार घालून आणि फटीत पुट्टी भरून त्यांना वाकवले. आकडा वेगळा मिळत नाही. बारीक तार चिमट्याने वळवून तो पट्ट्याला चिकटवला. अंगावर जाड गादीचा अंगरखा, त्यावर काहींच्या जाळीच्या चिलखताच्या बाह्या, डोक्यावर रुंद काठाचे लोखंडी टोप असा वेश ठेवला. जाळीसाठी काळ्या प्राइमरवर चंदेरी ड्राय ब्रश आणि वर पातळ तपकिरी वॉश (खाचांत उतरणारा पातळ रंग) ही जुनीच पद्धत वापरली. ती अजूनही सर्वांत विश्वासार्ह वाटते. ढाली मात्र मांडणीत आहेत. मागच्या कडेला, रस्त्यावर गर्दीत अडकून पडलेल्या एका गाडीवर, जिनोआचा पांढऱ्यावर लाल क्रूस रंगवलेल्या ढालींची चवड रचली आहे. पाहणाऱ्याची नजर पुढच्या वाकलेल्या पाठींवरून मागच्या त्या गाडीपर्यंत जावी, अशी गाडीची दिशा ठरवली.

प्रकाशाचाही विचार करावा लागला. इंग्रज पश्चिमेच्या बाजूला उंचावर होते आणि चाल संध्याकाळच्या सुमारास झाली, म्हणजे मावळतीचे ऊन फ्रेंच बाजूच्या डोळ्यांवर येत होते. त्यामुळे जिनोआच्या शिपायांच्या चेहऱ्यांवर आणि छातीवर उबदार पिवळसर उजळ छटा दिली, तर इंग्रज धनुर्धाऱ्यांचे चेहरे सावलीत ठेवून त्यांच्या पाठी उजळल्या. चेशर आणि उत्तर वेल्समधील धनुर्धाऱ्यांना हिरव्या-पांढऱ्या रंगाचे अंगरखे दिलेले होते. त्यांचा पांढरा भाग आता निळसर करड्याकडे झुकवावा लागला, आणि त्यासाठी मागच्या टप्प्यातील बऱ्याच आकृत्यांवर पुन्हा एक पातळ थर चढवला. एकाच दिशेचा प्रकाश पाळल्याने दोन्ही फळ्या एकाच क्षणात उभ्या असल्यासारख्या दिसू लागल्या, हा या टप्प्यातील सर्वांत मोठा लाभ आहे.

कुलचिन्हांविषयी लिहिल्यावाचून राहवत नाही, कारण या युद्धाचे मूळ भांडण एका ढालीवर वाचता येते. १३२८ मध्ये फ्रान्सचा चौथा चार्ल्स पुत्राविना वारला. त्याची बहीण इझाबेला ही एडवर्डची आई होती, पण फ्रेंच सरदारांनी व्हालवा शाखेच्या फिलिपला, म्हणजे वरच्या सहाव्या फिलिपला, गादीवर बसवले. १३३७ मध्ये फिलिपने एडवर्डकडची नैऋत्य फ्रान्समधील गियेनची जहागीर जप्त केली, आणि जानेवारी १३४० मध्ये एडवर्डने गेंट येथे फ्रान्सचा राजा ही पदवी उघडपणे धारण केली. फ्रेंच राजाशी शपथेने बांधलेल्या फ्लँडर्सच्या लोकांना त्याच्या बाजूने येण्याचा मार्गही त्यामुळे मोकळा झाला. तेव्हापासून त्याच्या ढालीचे चार भाग झाले, आणि मानाच्या पहिल्या व चौथ्या भागात इंग्लंडचे सिंह न येता फ्रान्सच्या राजचिन्हातील सोनेरी लिलीची फुले आली. त्या लिली या राजचिन्हात १८०१ पर्यंत टिकल्या. म्हणजे १७७९ मध्ये वडगावच्या तहाच्या वेळी मराठ्यांशी लढणाऱ्या कंपनीचा राजा तिसरा जॉर्ज हा स्वतःला फ्रान्सचाही राजा म्हणवत होता.

रंगवणाऱ्यांनी एक गोष्ट कटाक्षाने पाळावी : क्रेसीच्या ढालीवर तीन लिली काढू नयेत. त्या काळी निळ्या पृष्ठभागावर लिली सर्वत्र विखुरलेल्या असत आणि कडेच्या लिली अर्ध्या कापलेल्या दिसत. तीनच लिली ही पद्धत त्याच शतकात पुढे पाचव्या चार्ल्सच्या काळात रूढ झाली. तयार डिकॅल (चिकटवायची छापील चिन्हे) बहुधा अजिनकूरच्या काळातील असतात, म्हणून ती इथे चालत नाहीत. मी प्रत्येक लिली तीन फटकाऱ्यांत काढतो. मधला उभा, दोन्ही बाजूंना बाहेर वळणारे दोन, आणि जागा असेल तरच खाली आडवी रेघ. आधी गेरूमिश्रित पिवळा आणि तो पूर्ण वाळल्यावर वरच्या टोकांवर फिकट पिवळा. आलाँसोंच्या काउंटची लाल काठाची ढाल आणि त्याच्या घोड्याची झूल याच पद्धतीने झाली. झुलीवर कापडाच्या चुण्यांत लिली अर्धवट लपवल्या, तेव्हाच ते कापड वाटू लागले.

आलाँसोंचा हा काउंट राजाचा भाऊ होता आणि त्याच दिवशी तो मारला गेला. बाणांच्या वर्षावाखाली जिनोआची माणसे मागे फिरली, तेव्हा फ्रेंच घोडेस्वार त्यांच्यासाठी वाट मोकळी न करता त्यांना तुडवतच पुढे घुसले. मांडणीचा मध्यबिंदू हाच क्षण आहे. घोड्यांच्या छातीशी आलेले, शत्रूकडे पाठ करून आपल्याच स्वारांकडे हात उंचावणारे शिपाई अजून तयार व्हायचे आहेत, आणि त्यांच्या मुद्रा जमल्याखेरीज पुढचे काम करू नये असे ठरवले आहे.

त्यानंतर बोहेमियाचा राजा जॉन. पन्नास वर्षांचा हा अंध राजा आपल्या सरदारांच्या घोड्यांचे लगाम एकत्र बांधून गर्दीत शिरला आणि तिथेच पडला, असे इतिवृत्ते सांगतात. लाल पृष्ठभागावर दुहेरी शेपटीचा पांढरा सिंह रंगवून झाला आहे. लगामांसाठी पितळी तारेऐवजी मेणात बुडवलेला शिवणाचा दोरा घेणार आहे, कारण तार ताठ राहते आणि ओढ दिसत नाही. इंग्रज बाजूला लहान तोफाही ठेवायच्या आहेत. त्यांचा उल्लेख फ्लॉरेन्सच्या समकालीन इतिवृत्तात आहे. मात्र त्या चाकांच्या मोठ्या तोफा म्हणून मांडू नयेत, असे माझे मत आहे. लाकडी चौकटीत बसवलेल्या आखूड नळ्या, धनुर्धाऱ्यांच्या फळीच्या टोकाला दोन, आणि त्यांच्यापुढे कापसाचा विरळ धूर एवढेच पुरेल. नळ्यांसाठी संपलेल्या बॉलपेनच्या धातूच्या रिफिली कापून ठेवल्या आहेत.