निर्माल्याची पिशवी

स्कूटीच्या हुकाला निर्माल्याची पिशवी चार दिवस लटकतेय. शेवंती काळी पडली, बेल वाळून कुरकुरीत झाला, तरी कचरागाडीत टाकायला हात धजत नाही. एरवी देवाधर्माचं फारसं मनावर न घेणारी मी, पण हे एवढं जमत नाही.

परवा दुपारी पिशवी घेऊन पंचगंगेच्या घाटावर गेले. ऊन रणरणत होतं, म्हणून दीपमाळेच्या सावलीत टेकले आणि फोनवर भलतंच वाचत बसले. सेलिया डीन-ड्रमंड नावाच्या एक बाई आहेत. आधी वनस्पतींच्या शरीरक्रियांवर डॉक्टरेट, मग ख्रिस्ती धर्मशास्त्रात दुसरी. पुढं चेस्टर, अमेरिकेतलं नॉटर डेम, ऑक्सफर्ड. माणसानं सृष्टीशी कसं वागावं, एवढ्यावर अख्खी नोकरी! हेवाच वाटला. आमच्या आजीला याच विषयाचा कधी पगार मिळाला नाही.

तिन्हीसांजेनंतर ती तुळशीला हात लावू द्यायची नाही. "झोपलीया ती." आणि हीच आजी दर सोमवारी मला शिवाजी पुलावर न्यायची, नमस्कार करायला लावायची आणि निर्माल्य प्लास्टिकच्या पिशवीसकट खाली! टप्पकन आवाज यायचा. तो ऐकायलाच मी जायचे खरं तर. एकदा विचारलं, "घाण नाही का होत?"

"गंगामाई हाय ती. तिला कशाची घाण?"

लिन व्हाइट या इतिहासकारानं १९६७ साली 'सायन्स' या विज्ञानपत्रिकेत ठपका ठेवला, की पश्चिमेकडच्या ख्रिस्ती धर्मानं माणसाला सृष्टीचा मालक करून ठेवलं, तिथंच बिघडलं. पर्यावरणावर लिहिणाऱ्या धर्मशास्त्रींना अजून त्याला उत्तरं द्यावी लागतात. गंमत म्हणजे व्हाइटनंच शेवटी पशुपक्ष्यांना भावंडं मानणाऱ्या ख्रिस्ती संत फ्रान्सिसचं नाव पुढं केलं आणि १९७९ मध्ये पोपनी त्याला पर्यावरणाचा पालक संत करूनही टाकलं. पण आमच्यावर हा ठपका कसा बसायचा? नदीचे मालक आम्ही कधी नव्हतोच. आम्ही तिला आई म्हटलं. आणि आईनं सगळं पोटात घालायचं असतं.

निर्माल्यकुंड तुडुंब भरलं होतं. वर दोन फुटलेल्या तसबिरीही ठेवलेल्या. पिशवी तशीच घेऊन परतले.

वाटेत सुचलं, घरच्याच कुंडीत पुरावं. दारात पोचले तर दिवेलागण झालेली, आणि माती उकरायला कुंडी एकच, तुळशीची.

पिशवी हुकालाच आहे.