सिग्नलवरचे जुळे नंबर

आज दादर टीटीच्या सिग्नलला थांबलेल्या गाड्यांत दोन पाट्यांचे शेवटचे आकडे ४७. असं दिसलं की लगेच "काहीतरी संकेत आहे" वाटतं. जरा मोजून बघा. ०० ते ९९ असे पर्याय १००, पण २० गाड्यांच्या जोड्या होतात १९०. कुठलीतरी जोडी जुळण्याची शक्यता ८७ टक्के! १३ गाड्यांनाच ती निम्म्यावर जाते. (पैसे भरून घेतलेले आवडीचे नंबर वेगळेच.) गफलत होते ती इथे: ४७ आपण आधी ठरवलेला नसतो, दिसल्यावर धरतो. न जुळलेल्या जोड्या कोण मोजतं?

घरी मुलांना घेऊन एक करा. वहीत मनानेच छापा-काटा १०० वेळा लिहा. मग खरं नाणं १०० वेळा उडवून शेजारी दुसरी यादी करा. मनाच्या यादीत सलग तीन छापे झाले की हात आपोआप काट्याकडे वळतो. नाण्याच्या यादीत मात्र कुठेतरी सलग पाच सारखे येण्याची शक्यता ९७ टक्के, सलग सहाची ८० च्या आसपास. "इतके छापे झाले, आता काटाच" म्हणून पैसे लावणारा नेमका इथेच बुडतो, आणि त्याचं फार वाईट वाटतं. नाण्याला मागचं काही आठवत नसतं हो.